रीमा लागू : पडद्यावरची ‘आई’ आणि पुराव्यांचा पक्षपात

१/
रीमा लागू हे नाव उच्चारले की बहुतेकांच्या डोळ्यांसमोर एक आई उभी राहते. हसरी, कपाळावर ठसठशीत कुंकू असलेली, मुलाच्या बाजूने बोलणारी. १८ मे २०१७ रोजी त्या गेल्या, तेव्हाही मृत्युलेखांचे मथळे याच एका शब्दाभोवती फिरत होते. या धाग्यात माझे म्हणणे असे आहे, की ही आठवण खोटी नाही, पण फार अपुरी आहे. आणि ती अपुरी का राहिली, याचे उत्तर त्यांच्या अभिनयात नसून आपल्यापर्यंत पोहोचलेल्या पुराव्यांत आहे.

२/
इतिहासाच्या वाचकाला हा अनुभव नवा नाही. ताम्रपट टिकतो, ताडपत्र कुजते. म्हणून राजाने कुणाला कोणते गाव दान दिले हे आपल्याला ठाऊक असते; त्या गावच्या बाजारात त्या वर्षी काय विकले गेले हे मात्र नसते. दान महत्त्वाचे आणि बाजार क्षुल्लक होता म्हणून असे झाले नाही. एकाची नोंद धातूवर झाली आणि दुसऱ्याची नाशवंत वस्तूवर, एवढेच. नटाच्या आयुष्याचेही असेच होते. चित्रपट टिकतो, मालिका अर्धीमुर्धी टिकते आणि नाटक पडद्याबरोबरच संपते. रीमा लागूंच्या बाबतीत हे तिन्ही थर एकाच आयुष्यात सापडतात.

३/
जन्म २१ जून १९५८. पाळण्यातले नाव नयन भडभडे. आई मंदाकिनी भडभडे स्वतः रंगभूमीवरच्या अभिनेत्री. ‘लेकुरे उदंड जाली’ या वसंत कानेटकरांच्या नाटकाशी त्यांचे नाव जोडलेले आहे. नयनचे शिक्षण पुण्याच्या हुजूरपागेत झाले. लहानपणी तिने चित्रपटांतून बालकलाकार म्हणून कामे केली आणि शाळा संपल्यावर ती रंगभूमीकडे वळली. नट विवेक लागू यांच्याशी विवाह झाल्यावर ‘रीमा लागू’ हे नाव रूढ झाले. म्हणजे ही मुलगी अपघाताने या व्यवसायात आली नव्हती. तिच्या घरातच तो होता.

४/
यापुढचा तपशील चरित्रांत एका ओळीत उरकला जातो, पण इतिहासाच्या दृष्टीने तो मोलाचा आहे. १९७९ पासून सुमारे दहा वर्षे त्या युनियन बँक ऑफ इंडियाच्या मुंबईतील नोकरीत होत्या. १९६९ साली ज्या चौदा बँकांचे राष्ट्रीयीकरण झाले, त्यांतली ही एक. त्या काळी बँकांमध्ये आंतरबँक नाट्यस्पर्धा मोठ्या चुरशीने होत आणि त्यासाठी गुणी कलावंतांना नोकरी दिली जाई. रीमा लागूंची निवडही त्यांच्या अभिनयगुणामुळेच झाली होती. अमोल पालेकर हेही पूर्वी बँकेतच नोकरीला होते.

५/
मराठी रंगभूमीचा अर्थव्यवहार समजून घ्यायचा असेल, तर या नोकऱ्यांकडे पाहावे लागते. नाटकाच्या रात्रींवर घर चालत नसे. महिन्याचा पगार हा एका अर्थाने प्रयोगशील नाटकाला मिळालेला अप्रत्यक्ष आश्रयच होता. पूर्वी संस्थानिक नाटक मंडळ्यांना आश्रय देत; विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात ते काम काही अंशी हजेरीपटाने केले. ‘पुरुष’सारख्या नाटकात काम करणारी अभिनेत्री दिवसा बँकेची कर्मचारी असते, ही केवळ गंमतीची माहिती नव्हे.

६/
‘पुरुष’ हे जयवंत दळवींचे नाटक १९८०च्या दशकाच्या सुरुवातीचे. सत्तेच्या मस्तीत एका शिक्षिकेवर बलात्कार करणारा पुढारी गुलाबराव आणि अखेरीस त्याचा हिशेब स्वतःच्या हातांनी चुकता करणारी अंबिका, असा त्याचा गाभा. गुलाबरावाच्या भूमिकेत नाना पाटेकर, अंबिकेच्या भूमिकेत रीमा लागू. मथुरा प्रकरणानंतर बलात्कारविषयक कायद्यात १९८३ साली बदल झाला. त्याच वर्षांच्या आसपास हे नाटक महाराष्ट्रात खेळले जात होते. त्या वेळी अंबिका साकारणारी अभिनेत्री पंचविशीच्या उंबरठ्यावर होती.

७/
त्याच दशकात शेखर ताम्हाणे यांचे ‘सविता दामोदर परांजपे’ आले. एका विवाहित स्त्रीच्या देहात दुसऱ्याच स्त्रीचे अस्तित्व प्रकट होते, अशी त्याची कल्पना. एकाच देहाने दोन व्यक्ती उभ्या करायच्या, आवाज बदलायचा, नजर बदलायची आणि तेही प्रेक्षकांच्या डोळ्यांदेखत, संकलकाच्या कात्रीची मदत न घेता. ज्यांनी तो प्रयोग पाहिला, ते आजही रीमा लागूंबद्दल बोलताना आधी या नाटकाचे नाव घेतात. ज्यांनी पाहिला नाही, ते ‘मैंने प्यार किया’चे घेतात. स्मरणाची ही फाळणी पिढीची आहे, तशीच ती माध्यमाचीही आहे.

८/
चित्रपटांत त्यांचा प्रवेश झाला तोही ‘आई’ म्हणून नव्हे. जब्बार पटेलांचा ‘सिंहासन’ १९७९चा, गोविंद निहलानींचा ‘आक्रोश’ १९८०चा, श्याम बेनेगलांचा ‘कलयुग’ १९८१चा. भूमिका छोट्या होत्या, पण संगत पाहा. त्या काळच्या समांतर चित्रपटाच्या ऐन मध्यात ही अभिनेत्री होती. पुढे दशकाच्या अखेरीस अरुणा राजे यांच्या ‘रिहाई’त त्यांनी एका खेड्यातल्या स्त्रीची भूमिका केली. नवरे कमाईसाठी शहरात गेले आहेत आणि मागे राहिलेल्या बायकांच्या इच्छांचे काय, हा त्या चित्रपटाचा प्रश्न होता. ही भूमिका धीट होती आणि कुठल्याही अर्थाने ‘मातृतुल्य’ नव्हती.

९/
आणि मग १९८८ साली ‘कयामत से कयामत तक’ आला. रीमा लागू नायिकेच्या, म्हणजे जुही चावलाच्या, आई झाल्या. वय पूर्ण तीसही नव्हते. पुढल्या वर्षी डिसेंबरात ‘मैंने प्यार किया’ प्रदर्शित झाला, त्याने अफाट यश मिळवले आणि शिक्का पक्का झाला. ‘पुरुष’मधली अंबिका आणि सलमान खानची आई यांच्यामध्ये जेमतेम सात वर्षांचे अंतर आहे. आयुष्यात स्त्री सात वर्षांत इतकी वयस्क होत नाही. व्यवसायाच्या नजरेत मात्र होते.

१०/
जन्मसाली शेजारीशेजारी मांडून पाहा. यासाठी कुठलेही दप्तर उघडावे लागत नाही.

रीमा लागू : जून १९५८
जुही चावला (१९८८) : जन्म १९६७, अंतर ९ वर्षे
सलमान खान (१९८९) : जन्म डिसेंबर १९६५, अंतर साडेसात वर्षे
श्रीदेवी, ‘गुमराह’ (१९९३) : जन्म १९६३, अंतर ५ वर्षे
माधुरी दीक्षित, ‘हम आपके हैं कौन’ (१९९४) : जन्म १९६७, अंतर ९ वर्षे
संजय दत्त, ‘वास्तव’ (१९९९) : जन्म जुलै १९५९, अंतर १३ महिने

११/
शेवटची ओळ पुन्हा वाचा. महेश मांजरेकरांच्या ‘वास्तव’मधली आई आपल्या मुलाहून तेरा महिन्यांनी मोठी होती. चित्रपटाच्या शेवटी ती त्याला स्वतःच्या हाताने गोळी घालून सोडवते. हा प्रसंग ‘मदर इंडिया’ची (१९५७) आठवण करून देतो. त्यातही आई मुलाला गोळी घालते. ती आई नर्गिस, तो मुलगा सुनील दत्त, आणि दोघांच्या जन्मतारखांत पाच दिवसांचे अंतर, १ आणि ६ जून १९२९. पुढे दोघे विवाहबद्ध झाले; संजय दत्त त्यांचाच मुलगा. म्हणजे वडिलांनी जी गोळी पडद्यावर खाल्ली, तीच मुलाने बेचाळीस वर्षांनी खाल्ली, आणि दोन्ही वेळा बंदूक समवयस्क ‘आई’च्या हातात होती.

१२/
तरीही या दोन उदाहरणांत एक मूलभूत फरक आहे. ‘मदर इंडिया’ हा नर्गिसचा चित्रपट होता. ती नववधूपासून वृद्धेपर्यंत सगळे वय पडद्यावर जगली, शीर्षकही तिचेच होते. ‘वास्तव’ हा मुलाचा चित्रपट आहे. तिथे आईला भूतकाळ नाही, तरुणपण नाही. ती येते तीच आई म्हणून. वय वाढवून दाखवणे हा अभिनयाचा भाग झाला. तरुणपणच काढून घेणे ही वेगळी गोष्ट आहे.

१३/
ही रीत रीमा लागूंपासून सुरू झाली, असेही नाही. ‘दीवार’मध्ये (१९७५) अमिताभ बच्चनची आई झालेल्या निरुपा रॉय त्याच्याहून बारा वर्षांनीही मोठ्या नव्हत्या. राखी तर त्याच्याहून वयाने जवळपास पाच वर्षे लहान. १९७६च्या ‘कभी कभी’त ती त्याची प्रेयसी होती आणि १९८२च्या ‘शक्ती’त आई. ‘अग्निपथ’मध्ये (१९९०) रोहिणी हट्टंगडी आपल्याहून मोठ्या असलेल्या त्याच नायकाच्या आई झाल्या. नायकाचे घड्याळ एका गतीने चालत होते आणि नायिकेचे दुसऱ्या.

१४/
यावर पहिला आक्षेप रंगभूमीच्या बाजूने येईल आणि तो विचारात घेण्याजोगा आहे. नटाला वय नसते, असे मराठी नाटकवाले मानत आले. पंचविशीतल्या नटाने सत्तरीचा म्हातारा करणे हे कसबच मानले जाई. ज्या रंगभूमीवर बालगंधर्वांनी स्त्रिया उभ्या केल्या, तिथे वयाची काय मातबरी? हे खरे. पण रंगभूमीवर ही मोकळीक दोन्ही दिशांना असते. म्हातारी साकारणारी अभिनेत्री पुढच्या नाटकात पुन्हा तरुणी होऊ शकते. हिंदी चित्रपटाने दिलेले दार एकाच बाजूने उघडणारे होते. त्यातून आत गेलेली अभिनेत्री नायिकेच्या दालनात क्वचितच परत आली.

१५/
दुसरा आक्षेप : पुरुषांचेही असेच झाले नाही का? झाले. ‘सारांश’मधला (१९८४) वृद्ध शिक्षक साकारताना अनुपम खेर तिशीतही नव्हते. ‘मैंने प्यार किया’त भाग्यश्रीचे वडील झालेले आलोकनाथ त्या वेळी तेहतीस वर्षांचे होते. चरित्र भूमिकांचा हा जाच स्त्री-पुरुष दोघांनाही होता, हे मान्यच करायला हवे. पण पुरुषांच्या बाबतीत दुसरीही एक वाट खुली होती, पन्नाशीपर्यंत नायक राहण्याची. १९८९ साली मुलगा झालेला सलमान खान, रीमा लागू गेल्या त्या २०१७ सालीही नायकच होता. स्त्रियांना ती दुसरी वाट जवळपास बंद होती.

१६/
एक श्रेय मात्र द्यायलाच हवे, नाहीतर हे लेखन एकांगी होईल. मिळालेल्या चौकटीत रीमा लागूंनी आईचा साचाच बदलला. त्याआधीची लोकप्रिय आई बहुधा पांढऱ्या साडीतली, शिवणयंत्रावर वाकलेली, देवापुढे पदर पसरणारी होती. रीमा लागूंची आई हसते, मुलाची गुपिते सांभाळते, नवऱ्याशी वाद घालते. उदारीकरणाच्या उंबरठ्यावरच्या मध्यमवर्गाला अशीच आई हवी होती. हा बदल दिग्दर्शकांनी कल्पिला असेल. त्याला विश्वासार्ह चेहरा या अभिनेत्रीने दिला. साहाय्यक अभिनेत्रीच्या फिल्मफेअरसाठी त्यांना चार नामांकने मिळाली. पारितोषिक एकदाही मिळाले नाही.

१७/
‘साहाय्यक’ आणि ‘चरित्र अभिनेत्री’ या शब्दांकडेही जरा पाहा. ज्याच्या चरित्राला कथेत स्थान नसते, नेमके त्यालाच आपण ‘चरित्र’ भूमिका म्हणतो. नायकाला भूतकाळ, प्रेम, सूड, पश्चात्ताप हे सारे मिळते. चरित्र भूमिकेला नाते मिळते. कुणाची तरी आई, कुणाची तरी काकू. माझ्या या धाग्याचा मुख्य मुद्दा इथून पुढे सुरू होतो. ज्या चरित्र अभिनेत्रीला चित्रपटाने नाते दिले, तिला व्यक्तिमत्त्व दिले ते छोट्या पडद्याने.

१८/
थोडी पार्श्वभूमी. ‘हम लोग’ जुलै १९८४ मध्ये सुरू झाली आणि दूरदर्शनवर प्रायोजित मालिकांचे युग आले. श्रीधर क्षीरसागर यांच्या ‘खानदान’ या मालिकेतून १९८५ साली रीमा लागू छोट्या पडद्यावर आल्या. तेव्हा त्या सत्तावीस वर्षांच्या होत्या. १९९२ साली झी वाहिनी आली, पाठोपाठ दूरदर्शनची मेट्रो वाहिनी आकाराला आली आणि आठवड्यातून एकदा दिसणाऱ्या विनोदी मालिकांना अचानक मोठी मागणी निर्माण झाली. त्या पुरवणाऱ्यांत मराठी माणसे बरीच होती : निर्मितीत गौतम आणि मार्कंड अधिकारी हे बंधू, दिग्दर्शनात राजन वाघधरे आणि सचिन पिळगांवकर.

१९/
अधिकारी बंधूंच्या ‘श्रीमान श्रीमती’त रीमा लागू झाल्या कोकिला कुलकर्णी. नवरा केशव (जतीन कनाकिया) शेजारच्या चित्रपट अभिनेत्रीवर, प्रेमा शालिनीवर (अर्चना पूरणसिंग), लट्टू. आणि त्या अभिनेत्रीचा नवरा दिलरुबा (राकेश बेदी) कोकिलेवर. रचना जुन्या फार्सची आहे. पण तिच्यातली एक गोष्ट ध्यानात घ्या : या कथेत साध्या साडीतली गृहिणी कोकिला ही कुणाच्या तरी ओढीचा विषय आहे. शेजारी तिच्याभोवती घुटमळतो, कारण ती त्याला सुंदर वाटते.

२०/
आता कालगणना मांडा. ‘हम आपके हैं कौन’ ऑगस्ट १९९४ मध्ये प्रदर्शित झाला. त्यात रीमा लागू माधुरीची आई, म्हणजे लग्नघरातली विहीणबाई. आणि जवळपास त्याच काळात घरातल्या दूरचित्रवाणी संचावर हीच अभिनेत्री, त्याच वयात, संसारातली तरुण पत्नी होती. नवऱ्याच्या थापा ओळखणारी, शेजाऱ्याला हातभर अंतरावर ठेवणारी. वय एकच, छत्तीस. सिनेमागृहात तिला एक पिढी पुढे ढकलले होते. बैठकीच्या खोलीत ती आपल्या खऱ्या वयाची होती.

२१/
‘तू तू मैं मैं’ ही सचिन पिळगांवकर दिग्दर्शित मालिका याच दशकातली. आधी मेट्रो वाहिनीवर आणि मग स्टार प्लसवर २००० सालापर्यंत ती चालली. सासू देवकी रीमा लागू, सून राधा सुप्रिया पिळगांवकर. सुप्रिया यांचा जन्म १९६७चा, म्हणजे वयाचे गणित इथेही चुकलेलेच. ते झाकण्याचे कारण नाही. पण इथे सासू कथेच्या कडेला उभी नाही. निम्मी मालिका तिची आहे. तिला डावपेच आहेत, फजिती आहे, रुसवा आहे, जिंकणे आहे आणि हरणेही आहे.

२२/
आपल्याकडे सासू-सुनेचे नाते जात्यावरच्या ओव्यांपासून साहित्यात आले आहे. तिथे बोलते ती बहुधा सून आणि सासू म्हणजे सासुरवास. ‘तू तू मैं मैं’ने दोघींना बोलायला सारखी जागा दिली. भांडण बरोबरीच्या दोघींचे झाले, म्हणूनच ते विनोदी होऊ शकले. एकीच्या हाती सगळी सत्ता असेल तर तिथे विनोद उरत नाही, जुलूम उरतो. दोन अभिनेत्रींचे कालभान, वाक्य कुठे तोडायचे आणि कुठे गिळायचे याची जाण, हीच या मालिकेची खरी पुंजी होती.

२३/
छोट्या पडद्याला हे का साधले? मला तीन कारणे दिसतात. एक, आठवड्याला एकच भाग असल्यामुळे तालमीला आणि लेखनाला श्वास घेण्यापुरती सवड होती. दोन, घराघरांतल्या प्रेक्षकाला पडद्यावर घरच हवे होते, आणि घरात छत्तीस वर्षांची बाई असतेच. तिला वगळून घराची कथा सांगता येत नाही. तीन, मोजक्या खर्चात चालणाऱ्या मालिकेला चेहऱ्यावरच्या वलयापेक्षा नटाच्या कसबाची गरज अधिक होती. जे माध्यम दुय्यम मानले गेले, त्याच माध्यमाने म्हणून या कलावतीला मध्यभागी आणले.

२४/
हा काळ फार टिकला नाही. ३ जुलै २००० रोजी स्टार प्लसवर ‘क्योंकि सास भी कभी बहू थी’ सुरू झाली आणि रोजच्या मालिकांचा जमाना आला. अठराशेंहून अधिक भाग चाललेल्या त्या मालिकेने सासू-सुनेला पुन्हा गंभीर केले. ज्या वर्षी ‘तू तू मैं मैं’ थांबली, त्याच वर्षी हे घडावे, हा निव्वळ योगायोग असला तरी सीमारेषा आखायला सोयीचा आहे. भारतीय दूरचित्रवाणीच्या इतिहासात १९८४ ते २००० हा साप्ताहिक मालिकांचा कालखंड स्वतंत्र मानावा आणि त्याचा अभ्यास तसाच व्हावा, असे माझे मत आहे.

२५/
यावर एक रास्त प्रश्न उरतो : शेवटी छोट्या पडद्यानेही त्यांना आजीच केले ना? केले. २०१६ साली स्टार प्लसवर सुरू झालेल्या ‘नामकरण’मध्ये त्या दयावंती मेहता होत्या, घरावर हुकमत गाजवणारी, खलप्रवृत्तीची आजी. पण तेव्हा त्यांचे वय अठ्ठावन्न होते. आजीचे गणित प्रथमच खरे होते. आणि ही आजी कुणाच्या डोक्यावरून प्रेमळ हात फिरवण्यापुरती नव्हती. मालिकेतला संघर्ष बऱ्याच अंशी तिच्यापासून निघत होता. मृत्यूच्या आदल्या दिवसापर्यंत त्या या मालिकेचे चित्रीकरण करत होत्या. १८ मे २०१७च्या पहाटे हृदयविकाराने त्यांचे निधन झाले. एकोणसाठावा वाढदिवस महिन्याभरावर आला होता.

२६/
आता पुराव्यांकडे परत येऊ. ‘मैंने प्यार किया’ आज एका कळीवर उपलब्ध आहे आणि पुढेही राहील. साप्ताहिक मालिकांचे काही भाग महाजालावर सापडतात, काही सापडत नाहीत. दूरदर्शनच्या आरंभीच्या काळात तर फिती महाग म्हणून त्यांवरच पुन्हा नवे कार्यक्रम मुद्रित केले जात. आणि नाटकांचे जे प्रयोग मुद्रित झाले नाहीत, ते पाहणाऱ्यांच्या स्मरणात तेवढे उरले. म्हणजे जे काम त्यांच्या तरुण वयाचे आणि सर्वाधिक धारदार होते, ते सर्वांत आधी नाहीसे होणार. जे काम त्यांना अकाली प्रौढ करणारे होते, ते सर्वांत जास्त टिकणार. उद्याच्या अभ्यासकाने केवळ उपलब्ध साधनांवर भिस्त ठेवली, तर त्याला ‘आई’च सापडेल, आणि तो प्रामाणिकपणे चुकेल.

२७/
म्हणून तरुण इतिहासप्रेमींना एक विनंती. आपण किल्ल्यांच्या तटबंदीची मापे घेतो, शिलालेखांचे ठसे घेतो. तेवढ्याच गांभीर्याने ऐंशीच्या दशकातल्या नाटकाची साधने गोळा करायला हवीत. वर्तमानपत्रांतील नाटकांच्या जाहिराती, परीक्षणे, प्रयोगांची तिकिटे, बँकांची गृहपत्रिका, आंतरबँक स्पर्धांच्या स्मरणिका. यांतले बरेच कागद आज कुणाच्या तरी माळ्यावर आहेत आणि दरवर्षी थोडेथोडे रद्दीत जात आहेत.

२८/
याहून निकडीचे साधन म्हणजे माणसे. ‘पुरुष’ किंवा ‘सविता दामोदर परांजपे’ पंचविशीत पाहिलेला प्रेक्षक आज पासष्टीच्या आसपास आहे. तो तुमच्या घरात असेल, शेजारी असेल. त्याला विचारा : नाट्यगृह कोणते, साल कोणते, कुठल्या प्रसंगाला सभागृह स्तब्ध झाले, ती पहिल्या अंकात कशी चालत होती आणि शेवटच्या अंकात कशी. भ्रमणध्वनीवर त्याचा आवाज मुद्रित करा, तारीख घाला, जपून ठेवा. आठवणी चुकतात, हे खरे. पण दहा जणांच्या आठवणी ताडून पाहता येतात. एकही नसेल, तर ताडायलाच काही उरत नाही.

२९/
रीमा लागूंना ‘आई’ म्हणून आठवण्यात गैर काही नाही. त्या भूमिका त्यांनी जीव ओतून केल्या आणि लोकांनी त्या मनापासून स्वीकारल्या. पण त्या शब्दापाशी थांबणे म्हणजे व्यवसायाने तीस वर्षांच्या बाईवर मारलेला शिक्का आपण इतिहास म्हणून पुढे चालवणे. त्यांचे नाव घेताना अंबिका, कोकिला कुलकर्णी आणि देवकी यांचीही नावे घ्या. त्यांतल्या दोघी अजून कुठेतरी पाहायला मिळतील. तिसरीसाठी मात्र घरातल्या वडीलधाऱ्यांजवळ बसावे लागेल, आणि ते लवकर करावे लागेल.

(धागा समाप्त. आपल्यापैकी कुणाच्या घरी या नाटकांच्या आठवणी किंवा कागद असतील, तर खाली अवश्य लिहा.)